हप्ता नव्हे, एकूण परतफेड विचारा

संपादक महोदय,

जुळे सोलापूर, होटगी रोड भागातल्या फ्लॅटच्या जाहिरातींत हप्ता ठळक छापतात, एकूण परतफेड मात्र कुठेच नसते. ३० लाखांचे कर्ज साडेआठ टक्क्यांनी २० वर्षांसाठी घेतले, तर हप्ता सुमारे २६,०३५ रुपये. पहिल्या हप्त्यातले २१,२५० व्याजातच जातात. अखेरपर्यंत साडेबासष्ट लाखांच्या आसपास भरले जातात.

खरी मेख बदलत्या व्याजदरात आहे. सुरुवातीलाच दर एक टक्क्याने वाढला आणि हप्ता तोच ठेवला, तर मुदत साडेपाच वर्षांहून जास्त लांबते. रिझर्व्ह बँकेच्या ऑगस्ट २०२३ च्या सूचनांनुसार अशा वेळी हप्ता वाढवायचा की मुदत, हे ग्राहकाने ठरवायचे असते. आपला निर्णय बँकेला लेखी कळवा.

कर्जासोबत दिल्या जाणाऱ्या विम्याचा एकरकमी हप्ताही गुपचूप कर्जात मिसळला जातो. ६० हजारांचे २० वर्षांत सव्वा लाख होतात! तो वेगळा भरावा.

वैयक्तिक, बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतपूर्व फेडीचा दंड नाही. बोनसमधून वर्षाला एक जादा हप्ता मुद्दलात भरला, तर हेच कर्ज सुमारे साडेसोळा वर्षांत फिटते. मात्र ‘हप्ता तोच, मुदत कमी’ असे अर्जावर स्पष्ट लिहा.

– एक वाचक, सोलापूर