जुळवायचे कशाशी?

मा. संपादक यांस,

आपल्या रविवार पुरवणीतला, इटलीतल्या तुरीनच्या कफनावरचा लेख वाचला. लेख रंजक आहे, पण ‘१९८८ ची (कापडाचे वय काढणारी) कार्बन चाचणी खोटी ठरली’ हे त्यातले विधान मला घाईचे वाटते. असल्या चाचण्यांमधून नेमके काय कळते आणि काय कळू शकत नाही, यावर लेखात चार ओळी हव्या होत्या. त्या नसल्यामुळे हे पत्र.

आधी कफनाबद्दल. सुमारे साडेचार मीटर लांबीच्या या लिननच्या कापडावर सुळावर दिलेल्या माणसाची पुढून आणि मागून अशी पुसट प्रतिमा आहे. येशूला याच कापडात गुंडाळले होते, असे लाखो भाविक मानतात. कापडाचा खात्रीचा माग लागतो तो फ्रान्समधल्या लिरे या गावी, चौदाव्या शतकाच्या मध्यापासून. त्यावर पहिला आक्षेप घेतला तो शास्त्रज्ञांनी नव्हे, खुद्द बिशपने. फ्रान्समधल्याच त्र्वा शहराचे बिशप पिएर द'आर्सी यांनी १३८९ मध्ये आव्हिन्योंला असलेल्या पोपला लिहिले की आपल्या आधीच्या बिशपांनी चौकशी केली होती, हे काम चित्रकाराचे आहे आणि त्या चित्रकाराने तसे कबूलही केले होते. त्याहूनही आधी निकोल ओरेम या विद्वानाने लिरेच्या कफनाला पाद्र्यांची लबाडी म्हटल्याचा मजकूर २०२५ मध्ये प्रकाशात आला. हे ओरेम पुढे स्वतः बिशप झाले. तेव्हा ‘विज्ञान विरुद्ध चर्च’ अशी जी मांडणी लेखात आहे, ती इतिहासाला धरून नाही. आजही चर्च हे कापड अस्सल असल्याचे अधिकृतपणे सांगत नाही. दर्शनाला ठेवते, एवढेच.

१९८८ मध्ये कापडाच्या एका कोपऱ्यातून छोटी पट्टी कापली गेली आणि तिचे तुकडे ऑक्सफर्ड, झुरिच आणि अॅरिझोना इथल्या प्रयोगशाळांना दिले गेले. देखरेख ब्रिटिश म्युझियमची होती. लेखात न आलेली गोष्ट अशी की या तुकड्यांसोबत आणखी तीन जुन्या कापडांचे नमुने दिले होते: नूबियातल्या थडग्यातले कापड, इजिप्तमधल्या ममीवरचे कापड आणि फ्रान्समधल्या एका धर्मवस्त्राचे धागे. या तिन्हींचा काळ इतर पुराव्यांवरून आधीच माहीत होता. त्यांची उत्तरे बरोबर आली. कफनाचे उत्तर आले इ. स. १२६० ते १३९०, म्हणजे कापड पहिल्यांदा लोकांसमोर आले त्याच सुमाराचे.

यावरचे सगळेच आक्षेप पोकळ आहेत असे मी म्हणत नाही. रेमंड रॉजर्स हे रसायनशास्त्रज्ञ १९७८ च्या तपासणी पथकात होते. २००५ मध्ये त्यांनी मांडले की तो कोपरा मागाहून रफू केलेला असावा. २०१९ मध्ये मूळ आकडे हाती आल्यावर काही संशोधकांनी दाखवले की तिन्ही प्रयोगशाळांचे निकाल एकमेकांशी पुरेसे जुळत नाहीत. आक्षेप गंभीर आहेत. पण त्यांतून फार तर ‘दुसऱ्या जागेचा नमुना घेऊन पुन्हा तपासा’ असे निघते. कापड तेराशे वर्षांनी मागे जात नाही. १९८३ पासून त्याची मालकी पोपकडे आहे, त्यामुळे परवानगी तिथूनच यायला हवी. तोवर १९८८ चा निकाल उभा आहे.

ज्या नव्या क्ष-किरण चाचणीच्या जोरावर आपला लेख उभा आहे, ती २०२२ ची. धागा किती जीर्ण झाला यावरून वय काढणारी ही चाचणी एका धाग्यावर केली आणि कापड पहिल्या शतकातले असू शकते असे म्हटले गेले. अट एकच, कापड आधीची तेरा शतके साधारण २० ते २२ अंश तापमानात आणि ठरावीक आर्द्रतेत राहिलेले असले पाहिजे. ते त्या काळात कुठे होते हेच कोणाला माहीत नाही, मग हवामान कोणी मोजले? आमच्याकडे एका पावसाळ्यात कपाटातल्या धोतराचे काय होते, ते गोंयकाराला सांगायला नको.

आणि समजा, उद्या कापड पहिल्या शतकातले ठरले. मग? ते त्या काळातले आहे एवढेच ठरेल. ते कोणाच्या अंगावर होते, हे कसे ठरवणार? येशू सदेह पुनरुत्थित झाला आणि स्वर्गात गेला ही ज्यांची श्रद्धा, त्यांच्याकडे ताडून पाहायला अस्थी असणार तरी कुठून? २०१५ मध्ये कफनावरच्या धुळीत युरोपपासून भारतापर्यंतच्या वंशांचे डीएनए मिळाले, तेव्हा कापड भारतात विणले गेले असावे अशीही चर्चा झाली. शतकानुशतके हात लागत आलेल्या कापडावर कोणाचे डीएनए मिळणार नाहीत?

मला आश्चर्य वाटते ते याचे की एवढा मोठा लेख तुरीनवर लिहिताना आपल्या दारातले उदाहरण सुटले. जुन्या गोव्यात मोंते सांतोवर सांत आगुस्तीनच्या मठाचा पडका मनोरा आहे. जॉर्जियाची राणी केतेवान हिने धर्मांतराला नकार दिला म्हणून इराणच्या शाह अब्बासच्या हुकमाने १६२४ मध्ये शिराझला तिला हाल करून मारले. आगुस्तीनियन पाद्र्यांनी तिच्या अस्थी उचलल्या आणि १६२७ मध्ये गोव्यात आणून आपल्या मठात ठेवल्या. पोर्तुगीज कागदांत मठातले चॅपेल, त्यातली खिडकी आणि काळ्या दगडाची पेटी, इतक्या बारकाईने जागा नोंदलेली आहे. पुढे मठ ओस पडला, १८४२ मध्ये चर्चचे छप्पर कोसळले. अनेक वर्षे शोध घेतल्यावर भारतीय पुरातत्त्व खात्याला २००४ मध्ये त्या जागी हाताचे हाड मिळाले.

हैदराबादच्या सीसीएमबी या जीवशास्त्र संशोधन संस्थेने त्या हाडातला, आईकडून मुलांकडे जाणारा डीएनए काढला. यू१बी हा त्याचा गट निघाला. बावीस हजारांहून अधिक भारतीयांच्या नमुन्यांत तो कुठेच नव्हता. जॉर्जियातल्या तीस जणांत दोघांकडे होता. तिथेच मिळालेल्या आणखी दोन हाडांचा गट मात्र भारतात सर्रास आढळणारा निघाला. म्हणजे हाड मठात सापडले की ते राणीचे, असा प्रकार नव्हता. इतके होऊनही संशोधकांनी निष्कर्ष काढला तो ‘बहुधा केतेवानचेच’ असा, कारण राणीच्या मातृवंशातल्या ज्ञात व्यक्तीचा नमुना त्यांच्याकडे नव्हता. कागद, उत्खनन आणि डीएनए एकाच दिशेने बोट दाखवतात, म्हणून माझ्या मते हा पुरावा भक्कम आहे. २०२१ मध्ये त्या अस्थींचा भाग भारताने तिबिलिसीत समारंभपूर्वक जॉर्जियाला दिला. जॉर्जियाच्या चर्चने तर केतेवानला संतपद दिलेलेच आहे.

हे सगळे लिहिण्यामागचे खरे कारण संपादकांनी ओळखले असेल. २०२४ च्या शवप्रदर्शनाच्या तोंडावर, जुन्या गोव्यात जतन केलेल्या सेंट फ्रान्सिस झेवियर यांच्या शवाची डीएनए चाचणी करा, अशी मागणी झाली आणि गोव्यात वातावरण तापले. मोर्चे निघाले, तक्रारी झाल्या. ते शव श्रीलंकेतल्या बौद्ध भिक्खूचे आहे असेही म्हटले जाते. त्या गदारोळात, चाचणी केली तर ती जुळवायची कशाशी, हा साधा प्रश्न माझ्या तरी वाचनात आला नाही. झेवियर आजच्या स्पेनमधल्या नावारचे. तिथला एखादा वंशगट निघाला तर व्यक्ती ओळखली जाणार नाही, फार तर आशियातली नव्हे एवढे कळेल. हां, एक तुलना करता येण्यासारखी आहे. १६१४ मध्ये शवाचा उजवा हात काढून रोमला पाठवला, तो तिथल्या जेझू चर्चमध्ये आहे. दोन्हींचे नमुने जुळले तर १६१४ नंतर शव बदलले गेल्याची शंका मिटेल. मृत्यूपासून तोवरच्या साठ वर्षांबद्दल मात्र कागदांवरच भिस्त ठेवावी लागेल. चाचणी व्हावी की नाही हे चर्चने ठरवावे. मला स्वतःला ती निकडीची वाटत नाही, आणि ज्या सुरात ती मागितली गेली त्यात जिज्ञासा कमी आणि डिवचणे जास्त होते.

आपल्याकडून अपेक्षा छोटी आहे. यापुढे अशी बातमी छापताना नमुना कुठून घेतला आणि तो कशाशी ताडला, या दोन ओळी तीत असाव्यात. जागा अपुरी पडली, तर मथळ्याचा टाइप थोडा लहान करता येईल.

आपला,
एक वाचक, म्हापसा