वेअरवुल्फच्या लेखात ऑसरी राहूनच गेलं

मा. संपादक,
स.न.वि.वि.

रविवारच्या पुरवणीतला आयर्लंड-स्कॉटलंडच्या वेअरवुल्फवरचा, म्हणजे लांडगा होणाऱ्या माणसांवरचा लेख वाचला. विषय मस्त, पण आत बघतो तर पौर्णिमा, चांदीची गोळी, चावला की तुम्ही पण लांडगा, म्हणजे सगळा हॉलिवूडचाच मसाला, नावं तेवढी तिकडची. आणि आयर्लंडची सगळ्यात भारी गोष्ट, ऑसरीच्या लांडग्यांची, तिचा पत्ताच नाही!

ऑसरी म्हणजे आजच्या किलकेनीच्या आसपासचा भाग. जेराल्ड ऑफ वेल्स ह्या धर्मगुरूने ११८० च्या दशकात हे लिहून ठेवलंय. एक पाद्री अल्स्टरहून मीथकडे निघालेला, सोबत एक पोरगा, रात्री जंगलात शेकोटीपाशी बसलेत आणि एक लांडगा जवळ येऊन चक्क बोलायलाच लागतो, घाबरू नका म्हणतो. आम्ही ऑसरीचे, संत नॅटॅलिसच्या शापामुळे दर सात वर्षांनी आमच्यातल्या एका बाईला आणि एका पुरुषाला लांडगा होऊन गाव सोडावं लागतं, जगले वाचले तर सात वर्षांनी परत माणूस, मग त्यांच्या जागी दुसरे दोघं. माझ्याबरोबरची आता शेवटच्या घटका मोजतेय, तिला कम्युनियन, म्हणजे चर्चमधला पवित्र प्रसाद द्या. पाद्री कचरतो, लांडगीला कसं द्यायचं? तर हा पंजाने तिचं कातडं डोक्यापासून बेंबीपर्यंत सोलून खाली करतो आणि आत एक म्हातारी! मग देतो बिचारा. सकाळी लांडगाच त्यांना वाट दाखवतो. ह्यात चावणं कुठंय? शाप भोगणारी, देवाधर्माची माणसं आहेत ती. असा प्राणी मारला तर तो खून धरायचा का, ह्यावर जेराल्डने डोकं खाजवलंय, आणि प्रकरण पोपपर्यंत गेलं असंही लिहिलंय.

दुसरं म्हणजे शेटलंडचा, म्हणजे स्कॉटलंडच्या उत्तरेकडच्या बेटांवरचा वुल्वर. माणसाचं अंग, लांडग्याचं डोकं, दगडावर बसून मासे धरणार आणि गरिबांच्या खिडकीत ठेवून जाणार, गोडच आहे, मला पण आवडतो. पण तुम्ही त्याला ‘प्राचीन’ म्हटलंय ते काही पटलं नाही. हे वर्णन जेसी सॅक्सबीबाईंच्या १९३२ च्या पुस्तकातलं, आणि शेटलंडचेच आर्काइव्हिस्ट (जुनी कागदपत्रं सांभाळणारे) ब्रायन स्मिथ ह्यांनी २०२१ मध्ये मांडलं की त्याआधी ह्याचा मागमूस नाही, एका टेकडीच्या नावावरून बाईंनीच तो उभा केला. तसेही त्या बेटांवर लांडगे नव्हतेच कधी. आयर्लंडमध्ये मात्र भरपूर होते, १६५० च्या दशकात तिथलं सरकार एका लांडगीमागे ६ पौंड बक्षीस देत होतं!

तर पुढच्या रविवारी ऑसरीला अर्धं पान द्याच. आणि चित्र प्लीज एआयचं नको, जेराल्डच्या पुस्तकाचं एक जुनं हस्तलिखित ब्रिटिश लायब्ररीत आहे, त्यात तो पाद्री आणि ते लांडगे काढलेलेच आहेत की.

आपला,
एक वाचक, सातारा