शाळा ‘तात्पुरती’ बंद, पण किती काळ?

स्कॉटलंडमधील ग्रामीण शाळांवरील आपल्या लेखात शाळा बंद करण्याआधी लोकांचा सल्ला घेणे सक्तीचे करणाऱ्या २०१०च्या कायद्याचे संरक्षण पुरेसे मानले आहे. ते अर्धेच खरे. शाळा कायमची बंद करायची तर कौन्सिलला (स्थानिक प्रशासनाला) किमान सहा आठवडे (त्यात शाळेचे ३० दिवस) लोकांची मते मागवावी लागतात. जाहीर सभा आणि शिक्षण निरीक्षकांचा अहवालही बंधनकारक. पण पट घसरल्यावर पालकांच्या संमतीने म्हणून शाळा ‘तात्पुरती’ बंद ठेवली, तर यातले काहीच लागू होत नाही. मुले शेजारच्या गावच्या शाळेत रुळतात आणि रिकाम्या इमारतीचा शून्य पट पुढे कायमच्या बंदीचे कारण ठरतो. दरवर्षी फेरआढाव्याची अपेक्षा फक्त मार्गदर्शक सूचनांत आहे. ती मुदतीसह कायद्यातच हवी.

– एक वाचक, इन्व्हरनेस