गाळेधारक सभासदांसाठी सूचना : भाडेवाढीच्या नोटिसा

कोल्हापुरातील कपिलतीर्थ मार्केट, शिवाजी मार्केट आणि महापालिकेच्या इतर इमारतींतील सभासदांनो,

भाडेवाढीची नोटीस आली की पाकिटासकट जपून ठेवा, कधी मिळाली ती तारीख लिहा. महाराष्ट्र महानगरपालिका अधिनियमाच्या कलम ८१-ब खाली गाळा रिकामा करण्याचा आदेश निघाला, तर अपील जिल्हा न्यायाधीशांकडे करावं लागतं, तेही मुदतीत. संघटना बघेल म्हणून गप्प राहू नका. प्रत्येकाचा करार वेगळा, उत्तरही वेगळंच.

जुनं भाडं थांबवू नका, थकबाकीनं आपलीच बाजू लंगडी पडते. वाढीव रक्कम भरावी लागलीच तर ‘हरकत कायम ठेवून’ असं पत्र देऊन पोच घ्या. वडिलांच्या नावच्या, शाई उडत चाललेल्या पावत्या असतील तर आजच झेरॉक्स काढा. त्याच उद्या कोर्टात बोलतील. वारसनोंद राहिली असल्यास वकिलांना आधी सांगा. रविवारी सकाळी कागद घेऊन संघटनेच्या कार्यालयात या.