कागदभर घोडे

बिलिंग्ज, मोंटाना
३० जून

ती. बाबांस सा. न.

परवा लिटल बिगहॉर्नची रणभूमी बघून आले. इथून तासाभरावर. उघडं माळरान, ऊन मरणाचं, आणि पायवाटेवर विषारी सापांची पाटी. आईला सांगू नका.

२५ जून १८७६ ला इथे लाकोटा आणि शायेन या मूळ रहिवासी जमातींशी लढताना अमेरिकन घोडदळाचा अधिकारी कस्टर आणि त्याच्याबरोबरचे दोनशेच्या वर सैनिक मारले गेले. १८६८ च्या तहात ब्लॅक हिल्सच्या टेकड्या लाकोटांच्या म्हणून लिहून दिल्या होत्या. १८७४ मध्ये तिथे सोनं सापडलं, मग कुठला तह!

पण मला सांगायचंय ते चित्रांबद्दल. रेड हॉर्स नावाचा लाकोटा सरदार त्या दिवशी बायकांबरोबर रानकंद खणत होता. धुरळा दिसला तसा धावला आणि लढला. १८८१ मध्ये लष्करातल्या एका डॉक्टरने विचारल्यावर त्याने खाणाखुणांच्या भाषेत सगळं सांगितलं आणि वर ४२ चित्रं काढून दिली. मूळ कागद स्मिथसोनियन संग्रहालयाकडे आहेत, मी संगणकावरच पाहिले.

तुम्ही एलिमेंटरीच्या पोरांना आधी क्षितिजरेषा मारायला लावायचात ना? इथे ती नाहीच. कागदभर घोडे, कुणी तांबडा, कुणी निळसर, आणि मोकळ्या जागेत खुरांचे बारके बाक. कोण चालून आलं, कोण कुठे वळलं, ते त्या खुरांवरून लावायचं. मेलेले सैनिक नागवे, हातपाय तोडलेले. ते त्याने झाकलं नाही, तसे आपल्याकडचे मेलेलेही गाळले नाहीत. कस्टर मात्र मला कुठे ओळखू आला नाही. खूप शोधला हो!

टेकडीवर सैनिक पडले तिथे १८९० पासून पांढरे संगमरवरी दगड आहेत. लाकोटा आणि शायेन योद्ध्यांचे तांबडे ग्रॅनाइटचे दगड बसायला लागले १९९९ मध्ये. १९९१ पर्यंत तर जागेलाच कस्टरचं नाव होतं. मी तांबड्या दगडापाशी जास्त वेळ बसले, सावली नसताना.

चार चित्रांच्या मोठ्या प्रती काढून पाठवते. मोतीबिंदूचं ऑपरेशन झाल्यावरच बघा, घाई नको. एका घोड्याची पाठ त्याने मानेपासून शेपटीपर्यंत एका दमात ओढल्यासारखी वाटते. पेन्सिल मध्येच उचलली असेल का, ते तुम्हीच सांगू शकाल.

तुमची,
मनू