एक रुपयाची पळवाट बुजवा: केंद्रीय ग्राहक व्यवहार मंत्र्यांना खुले पत्र

मा. प्रल्हाद जोशी,
केंद्रीय ग्राहक व्यवहार, अन्न व सार्वजनिक वितरण मंत्री,
नवी दिल्ली

स. न. वि. वि.

साहेब, तुमच्या खात्याच्या एका चांगल्या नियमाला एका रुपयाने भोक पाडलं आहे. ते बुजवावं, एवढ्यासाठी हे पत्र.

30 नोव्हेंबर 2023 रोजी केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणाने ‘डार्क पॅटर्न्स’विरुद्ध मार्गदर्शक तत्त्वं काढली. ग्राहकाला गोंधळात पाडून त्याच्याकडून पैसे काढायच्या 13 ऑनलाइन युक्त्या त्यात नावानिशी दिल्या आहेत. ‘सबस्क्रिप्शन ट्रॅप’ ही त्यातली एक. सबस्क्रिप्शन रद्द करणं अशक्य किंवा किचकट करून ठेवणं, रद्द करायची जागा लपवणं आणि फुकटच्या सबस्क्रिप्शनसाठी पैसे भरण्याचा तपशील किंवा आपोआप कपातीची परवानगी द्यायला भाग पाडणं, हे सगळं या सापळ्यात मोडतं, असं तिथे स्पष्ट लिहिलंय. वाचून बरं वाटलं होतं.

यातली शेवटची अट कंपन्यांच्या वकिलांनी आपल्या आधी वाचली असावी, असा माझा दाट संशय आहे. खानापूरला माझं मोबाईल रिचार्ज, झेरॉक्स आणि ऑनलाइन अर्ज भरून द्यायचं दुकान आहे. दिवसभर लोकांचे फोन हातात असतात. पूर्णपणे फुकटची ट्रायल आता त्यांत क्वचितच दिसते. दिसते ती एक रुपयाची, दोन रुपयांची, फार तर पाच रुपयांची. रुपया घेतला की ती सेवा फुकट राहत नाही, आणि फुकट नसली की ऑटो-पेची, म्हणजे पुढे आपोआप पैसे कापत राहायची, परवानगी मागायला मोकळीक. कायद्यातली ती ओळ जागच्या जागी शाबूत, आणि लोकांचे खिसे मात्र हलके.

हे घडतं कसं ते जरा सविस्तर सांगतो, कारण दिल्लीत कागदावर ते इतकं साधं दिसतं की त्यात काही काळंबेरं असेल असं वाटतच नाही. जांबोटीकडची एक मावशी फोन घेऊन आली. “पैसे कट झालेत बघ की. मी कायबी दाबली नाही.” कर्नाटक सरकारच्या गृहलक्ष्मी योजनेचे 2,000 रुपये खात्यात पडले आणि त्यातले 399 गेले. सोबत नात होती, ती गप्प उभी. हळूहळू उलगडा झाला. दोन-दोन मिनिटांच्या भागांच्या, फोन उभा धरून बघायच्या त्या मालिका हल्ली घरोघरी बघतात. सासू सुनेवर हात उगारते आणि नेमका तिथेच भाग संपतो. पुढचा भाग हवा तर फक्त 1 रुपया. भलंमोठं पिवळं बटण, आणि त्याच्या खाली फिकट राखाडी रंगात, मुंगीएवढ्या इंग्रजी अक्षरांत, ट्रायलनंतर महिन्याला 399. बटण दाबलं की यूपीआयचं पान उघडतं. तिथेही डोळ्यात भरतो तो 1 रुपयाच. पोरीने आजीचा पिन टाकला. आजीनेच तो तिला सांगितला होता, कारण रुपयासाठी कोण नाही म्हणणार?

मी ऑटो-पेचा तपशील उघडून दाखवला. कमाल रक्कम, दर महिना, आणि मुदत संपायचं साल सुमारे तीस वर्षांनंतरचं. मावशी आज साठीच्या पुढे आहेत. एका रुपयाच्या भागासाठी नव्वदीपर्यंतची परवानगी त्यांच्या नावावर चढली होती.

आणि अ‍ॅप फोनमध्ये नव्हतंच! कटकट नको म्हणून ते त्यांनी आधीच काढून टाकलं होतं. आमच्याकडे येणारा जवळजवळ प्रत्येक माणूस असंच समजतो, की अ‍ॅप काढलं म्हणजे व्यवहार संपला. या समजुतीला अडाणीपणा म्हणू नका, साहेब. दुकानात जायचं बंद केलं की दुकानदार महिन्याच्या महिन्याला घरी येऊन पैसे नेत नाही, हा जगाचा रिवाज आहे. अ‍ॅप काढलं तरी सबस्क्रिप्शन चालू राहतं आणि कपातही चालू राहते, हे माहीत करून घ्यायची जबाबदारी मावशींवर का?

मग रिझर्व्ह बँकेचा नियम कुठे गेला, असं तुम्ही विचाराल. नियम आहे, आणि तो पाळलाही जातो. कपातीच्या किमान 24 तास आधी ग्राहकाला सूचना गेली पाहिजे, तीत कंपनीचं नाव, रक्कम, तारीख असली पाहिजे, आणि परवानगी केव्हाही मागे घेता आली पाहिजे. मावशींच्या फोनमध्ये ती सूचना होती. इंग्रजीत. कर्जाच्या जाहिराती, रिचार्जची आठवण आणि कुठल्याशा लकी ड्रॉच्या गर्दीत. शिवाय तीत मालिकेच्या अ‍ॅपचं नाव नव्हतंच, होतं ते कुठल्यातरी प्रायव्हेट लिमिटेडचं. मला रोज हेच काम, तरी ते नाव कोणत्या अ‍ॅपचं हे शोधायला थोडा वेळ लागला. कणकुंबीच्या डोंगरात, जिथे रेंज मिळवायला माणूस अंगणाच्या एका ठरावीक कोपऱ्यात जाऊन उभा राहतो, तिथे त्या सूचनेचा उपयोग तो काय?

दुसरी गोष्ट रकमेची. पहिल्या व्यवहाराला पिन लागतो, पुढच्या कपातीला 15,000 रुपयांपर्यंत पिन लागत नाही. सुरुवातीला ही मर्यादा 2,000 होती, मग 5,000 झाली, 2022 साली 15,000. वीजबिल, विमा, मुलांची फी भरणाऱ्यांच्या सोयीसाठी ती वाढवली, आणि ती सोय खरीच आहे. मीही ती वापरतो. पण त्याच दारातून हे लोकही आत शिरले. 15,000 म्हणजे आमच्या तालुक्यातल्या कित्येक घरांचा महिन्याचा सगळा खर्च.

निपाणीत आणि बेळगावच्या वडगावात माझ्यासारखीच दुकानं चालवणारे मित्र आहेत. एकाकडे विडी वळणाऱ्या बाया येतात, दुसऱ्याकडे मागावर बसणारे विणकर. गाऱ्हाणं तेच, फक्त अ‍ॅप वेगळं. कुठे भविष्य सांगणारं, कुठे इंग्रजी शिकवणारं, कुठे फोटो गोरा करून देणारं. सैन्यभरतीची तयारी करणारी पोरं सराव परीक्षांच्या अ‍ॅपमध्ये अडकतात. ती निदान भांडतात तरी. बाया भांडत नाहीत. घरात बोलणी खावी लागतील म्हणून त्या गप्प बसतात, आणि या धंद्याचा पाया त्या गप्प बसण्यावरच आहे, असं माझं स्पष्ट मत आहे.

कुणी म्हणेल, तक्रार करा. बँक म्हणते, परवानगी तुम्हीच दिली आहे, अ‍ॅपवाल्याला विचारा. अ‍ॅपवाल्याकडे फोन नंबर नसतो, एक ईमेल पत्ता असतो, आणि तिकडून यंत्राने लिहिलेलं उत्तर येतं. जिल्हा ग्राहक आयोगात 5 लाखांपर्यंतच्या दाव्याला फी नाही आणि आता आपल्या राहत्या जिल्ह्यातच तक्रार नोंदवता येते, हे मी लोकांना सांगतो. ते हसतात. 399 रुपयांसाठी रोजगार बुडवून बेळगावला कोण जाणार?

5 जून 2025 रोजी तुमच्या प्राधिकरणाने ई-कॉमर्स कंपन्यांना तीन महिन्यांत स्वतःची तपासणी करून असल्या युक्त्या काढून टाकायला सांगितलं. चांगलं केलंत. पण परीक्षा दिलेल्यालाच पेपर तपासायला दिला तर निकाल काय लागणार, हे शाळेतलं पोरगंही सांगेल.

साहेब, हा रोग नवा नाही आणि त्यावरचं औषधही आपल्याच देशात सापडलेलं आहे. कॉलर ट्यूनचे दिवस आठवा. भलतंच बटण दाबलं जायचं आणि रोज रिचार्जमधून पैसे कापले जायचे. गाणं लावलं कुणी, कळायचंच नाही. 2013 साली ट्रायने, म्हणजे दूरसंचार नियामक प्राधिकरणाने, दूरसंचार कंपन्यांना सांगितलं, की अशी कोणतीही सेवा चालू करायची तर ग्राहकाची दुसऱ्यांदा खात्री करून घ्या. सेवा बंद करायला 155223 हा एकच नंबर सगळ्या कंपन्यांसाठी दिला. कॉलर ट्यून त्यामुळे मेली नाही. ज्याला हवी होती त्याने ठेवली. तुमचा कारभार त्या वेळच्या ट्रायइतकाच साधा होऊ शकतो.

माझी मागणी म्हणून एकच आहे, बाकी सगळं त्यातून येतं. ट्रायलचा रुपया हा खरा व्यवहार नव्हे. खरा पहिला व्यवहार म्हणजे पहिले 399. तेव्हा ट्रायल संपताना, पूर्ण रक्कम पहिल्यांदा कापायच्या आधी, ग्राहकाचा पिन पुन्हा घ्या. मोठ्या अक्षरात 399, अ‍ॅपचं लोकांना ठाऊक असलेलं नाव, आणि ‘हो’ व ‘नको’ अशी सारख्याच आकाराची दोन बटणं. ग्राहकाने काहीच केलं नाही तर परवानगी आपोआप रद्द. ज्याला मालिका खरंच आवडली तो पिन टाकेल, त्यात कुणाचं काय जातं? कंपन्या कुरकुर करतील, की यामुळे ग्राहक गळतील. जे गळतील ते मुळात ग्राहक नव्हतेच.

यासाठी तुम्हाला रिझर्व्ह बँकेशी आणि यूपीआय चालवणाऱ्या एनपीसीआयशी बोलावं लागेल, कारण पिन तुमच्या खात्याच्या हातात नाही, हे मला कळतं. पण नाममात्र पैसे घेऊन दिलेली ट्रायल ही फुकटच्या सबस्क्रिप्शनसारखीच धरली जाईल, एवढी एक ओळ तुमच्या मार्गदर्शक तत्त्वांत घालायला कुणाची परवानगी लागणार? त्या एका ओळीने अर्धं काम होईल. जमलंच तर तीस वर्षांची मुदतही बघा. मालिकेच्या अ‍ॅपला वर्षाच्या वर परवानगी कशाला हवी? आणि रद्द करायचं बटण पहिल्याच पानावर असायला काय हरकत आहे? जर्मनीत 1 जुलै 2022 पासून ऑनलाइन कराराला वेबसाइटवर सहज दिसणारं रद्द करायचं बटण ठेवणं सक्तीचं आहे, आणि तिथले व्यवहार काही ठप्प झालेले नाहीत.

पत्र खुलं आहे, तेव्हा वाचणाऱ्यांसाठी मधेच थोडं. पैसे कापले गेले असतील तर आधी यूपीआय अ‍ॅपमधला ऑटो-पे किंवा मँडेटचा भाग उघडा, चालू असलेल्या परवानग्या बघा आणि नको ती पिन टाकून रद्द करा. फोनमध्ये दोन-तीन यूपीआय अ‍ॅप असतील तर सगळीकडे बघा. मग प्ले स्टोअरमध्ये आपल्या फोटोवर दाबून ‘पेमेंट्स अँड सबस्क्रिप्शन्स’मध्ये जा, कारण तिथून घेतलेली वर्गणी तिथेच रद्द होते. आयफोनवाल्यांनी सेटिंग्जमध्ये आपल्या नावावर दाबून ‘सबस्क्रिप्शन्स’ बघावं. अ‍ॅप काढून टाकायचं ते सगळ्यात शेवटी. रद्द केल्याच्या पानाचा स्क्रीनशॉट ठेवा, पुढे भांडायला तोच लागतो. आणि परवानगी मुळात दिलीच नव्हती, कुणीतरी फसवून पैसे काढले, असं असेल तर वेळ न घालवता बँकेला कळवा आणि सायबर फसवणुकीच्या 1930 या हेल्पलाइनला फोन करा. तो मामला वेगळा.

तुमच्या खात्याची 1915 ही हेल्पलाइन मराठीतही चालते, कन्नडमध्येही. आमच्या भागात ही फार मोठी गोष्ट आहे, कारण इथे सरकारी कागद एका भाषेत येतो, बँकेचा मेसेज दुसऱ्या आणि घरात बोलणं तिसऱ्या. त्याबद्दल मनापासून आभार. मात्र ज्या दर्जाची सोय तुम्ही तक्रारीसाठी केलीत, तीच कपातीच्या सूचनेसाठी व्हावी. ग्राहकाने फोनमध्ये जी भाषा निवडली असेल त्या भाषेत सूचना जावी. तक्रारीची पाळी येण्याआधीच तो ‘नको’ म्हणेल.

खानापूर धारवाडपासून लांब नाही, आणि तुमच्या मतदारसंघातली दुकानं आमच्यापेक्षा वेगळी नसावीत. पुढच्या वेळी धारवाडला आलात की कुठल्याही रिचार्जच्या दुकानात, आधी न कळवता, अर्धा तास बसा. अधिकाऱ्यांनी तयार केलेल्या टिपणापेक्षा जास्त कळेल.

पत्र मराठीत लिहिलं आहे. गाऱ्हाणं संघराज्यात किंवा राज्यात वापरात असलेल्या कोणत्याही भाषेत मांडता येतं, असं घटनेचं 350 वं कलम सांगतं, त्याचा आधार घेतलाय. उत्तर कन्नडमध्ये आलं तरी चालेल. दुकानात वाचून दाखवणारे पुष्कळ आहेत.

आपला,
एक रिचार्ज दुकानदार
खानापूर, जि. बेळगाव