मेन चालू करू नकोस

गारगोटी, गुरुवार रात्र

चि. सईस अनेक आशीर्वाद.

संदीप पहाटे दुधाच्या टेम्पोतून कोल्हापूरला निघतोय. त्याच्या हाती हे पत्र आणि एक पोतं पाठवतोय. पोत्यात तुझ्या मापाचे गमबूट, रबरी हातमोजे, फावडं, वायपर, टॉर्च आणि दोन किलो ब्लीचिंग पावडर आहे. डब्यात भाकरी-खर्डा आहे, वर आईनं लोणचं कोंबलंय. अक्षर वाकडंतिकडं आहे, एका डोळ्यानं लिहितोय. फोनवर तू "हो आबा, हो आबा" म्हणतेस तेव्हा तुझं लक्ष दुसरीकडं असतं, ते मला इथं बसून कळतं.

पंचगंगा ३९ फुटांच्या खाली आली, पूर ओसरून तुझी कुंभार गल्ली मोकळी झाली म्हणालीस. आता कुलूप कधी उघडतेय असं झालं असेल. उघड. पण मेन चालू करू नकोस. एवढं एक ऐकलंस तर बाकीचं पत्र नंतर वाचलंस तरी चालेल.

दार उघडलं की आधी नुसती उभी राहा. गॅसचा वास आला तर आत जाऊ नको, बटण दाबू नको, मागं फिर आणि बाहेर येऊन १९०६ ला फोन लाव. वास नसेल तर टॉर्च घेऊन आत जा. काठीनं कपाटामागं, ओट्याखाली ठोकून बघ, पाण्याबरोबर जनावर आलेलं असतं. सिलिंडर पाण्यात होता, त्यामुळं रेग्युलेटर आणि नळी दोन्ही एजन्सीकडून बदलून घे. पुसून वापरायच्या वस्तू नव्हेत त्या.

आता मेन. तुझा डीपी, म्हणजे खटक्यांची पेटी, दारामागं साडेचार फुटांवर आहे आणि पाणी अडीच फूट होतं, म्हणजे तो कोरडा राहिला असणार. म्हणूनच मला भीती वाटते. कोरडा दिसला की माणूस खटका वर करतो. पण खालचे प्लगपॉइंट फरशीपासून फूटभरावर आहेत, त्यांच्या पेट्यांत आणि भिंतीतल्या पाइपात पाणी साठून राहतं, ते आठवडाभर निघत नाही. डीपीतला एमसीबी, तो आपोआप पडणारा छोटा खटका, पडेल म्हणशील. एमसीबी शॉर्टला आणि जादा लोडला पडतो. ओल्या भिंतीतून तुझ्या हातात उतरणारा करंट त्याच्या हिशोबात येतच नाही. त्याला ३० मिलिअँपिअरचा आरसीसीबी, म्हणजे गळणारा करंट ओळखून तोडणारा खटका, लागतो, तो तुझ्याकडं नाही. मी डिसेंबरातच तुझ्या घरमालकीणबाईंना सांगितलं होतं. असो.

नुसते एमसीबी पाडून भागत नाही, डीपीचा मोठा खटका खाली कर. तो फेज आणि न्यूट्रल दोन्ही तोडतो. जुन्या इमारतीत न्यूट्रल सामाईक असला तर वरच्या मजल्यावरचा करंट त्या वाटेनं खाली येतो. खटक्यापर्यंत पाण्यातून किंवा ओल्या चिखलातून जावं लागत असेल तर जाऊच नकोस, १९१२ ला फोन करून महावितरणला खांबावरून तोडायला सांग. इन्व्हर्टर विसरू नको, मेन बंद असला तरी तो २३० व्होल्ट देतो. आधी त्याचं बटण बंद, मग बॅटरीची निगेटिव्ह वायर काढ, नंतर पॉझिटिव्ह. आणि टेस्टर लावून "पेटला नाही, म्हणजे करंट नाही" असं ठरवू नकोस. टेस्टरला पेटायला तुझ्या अंगातून जमिनीपर्यंत वाट लागते. पायात गमबूट असले की तो जेमतेम मिणमिणतो, आणि उजेडात तेही दिसत नाही.

तात्याचं तुला माहीत आहे. ते मी काढणार नव्हतो.

चिखलाला हात लावायच्या आधी फोटो काढ. प्रत्येक खोलीचा, प्रत्येक वस्तूचा. भिंतीवरच्या चिखलाच्या रेघेला टेप लावून आकडा दिसेल असा एक. पंचनाम्याला माणसं येतील तेव्हा भाडेकरार, आधार आणि पासबुकाच्या प्रती हाताशी असू देत, भाडेकरूचं नाव राहून जातं. हेच फोटो पुढं डिपॉझिटच्या वेळीही कामाला येतात.

चिखल ओला आहे तोवर काढ, आजच. सुकला की सिमेंट. भिंतीवरच्या रेघेपासून सुरू कर, खाली ये, फरशी शेवटी. फावड्यानं घमेल्यात भरून बाहेर टाक. मोरीत किंवा संडासात ढकलू नकोस, चेंबर तुंबतो आणि तोच चिखल उलटा वर येतो. मग साबणाच्या पाण्यानं घासून धुवायचं. ब्लीचिंग त्यानंतर. चिखलावरच पावडर भुरभुरली तर तिचा दम चिखलातच संपतो. दहा लिटरच्या बादलीला दीडशे ग्रॅम, ढवळून निवळू दे, वरचं निवळ पाणी घे. फरशीवर आणि भिंतीवर ओतून अर्धा तास राहू दे, मग धू. रोज ताजं कर. संडास धुवायचं ॲसिड त्याच्या जवळपासही नको, दोन्ही एकत्र आलं की विषारी वायू होतो, बाथरूमएवढ्या जागेत जीव गुदमरतो. इमारतीच्या खालच्या टाकीतही पुराचं पाणी गेलंय. ती उपसून घासल्यावर भरायची, दर हजार लिटरला दीडशे ग्रॅम पावडर, रात्रभर ठेवून सोडून द्यायची. ते शेजाऱ्यांना सांग. तोवर पाणी बाहेरून आणून उकळून.

पायाला जखम असेल तर झाकून, मग बूट. डॉक्टरांना लेप्टोच्या, म्हणजे पुराच्या पाण्यातून होणाऱ्या तापाच्या, गोळ्यांचं आणि धनुर्वाताच्या इंजेक्शनचं विचार. हे मी रागानं सांगत नाही.

गादी टाकून दे. आई म्हणेल कापूस चांगला आहे, पिंजून घेऊ. ऐकू नको, आतपर्यंत गटाराचं पाणी गेलंय. प्लायचं टेबल फुगलं असेल, तेही गेलं. लोखंडी कपाट धू, दारं उघडी ठेव, बिजागऱ्यांना तेल सोड. फ्रिज, मिक्सर, वॉशिंग मशीन "चालतंय का बघू" म्हणून लावायचं नाही. हे तिसऱ्यांदा सांगतोय की चौथ्यांदा? मोटरीत चिखल असतो, लावलीस की जळते, नाहीतर बॉडीला करंट येतो. मेकॅनिक उघडून, धुऊन, सुकवून, मोजून सांगेल तेव्हाच.

तुझं डिग्रीचं सर्टिफिकेट खालच्या खणात होतं ना? चिखल असेल तर ताटात स्वच्छ पाणी घेऊन अलगद बुडवून काढ, घासू नको. कोऱ्या कागदांच्या मध्ये ठेवून सावलीत सुकव. वर्तमानपत्र नको, शाई उतरते. कागद जास्त असतील आणि दोन दिवसांत सुकायची लक्षणं नसतील तर पिशवीत घालून मैत्रिणीच्या फ्रीजरमध्ये ठेव, बुरशी थांबते, मग निवांत एकेक काढ. त्या सर्टिफिकेटची झेरॉक्स काढायला आपण लक्ष्मीपुरीत गेलो होतो. तू मला पुढं ढकललंस आणि दुकानदाराला म्हणालीस, "ह्यांच्या समोर काढा." मी घरी काही बोललो नाही. तुझ्या आईला अजून माहीत नाही मी किती प्रती काढल्या.

तळमजला घेऊ नकोस म्हणालो तेव्हा आवाज चढला माझा. डिपॉझिट तू स्वतःच्या पगारातून भरलेलंस, बोलायचा मला हक्क नव्हता. २०१९ ला पाणी ५५ फुटांवर गेलं, २०२१ ला ५६, त्या गल्लीत जयंती नाल्यातून मागं फिरून येतं, हे सगळं खरं आहे. पण पुराआधी ते शांतपणे सांगायचं होतं. आता सांगून काय उपयोग. राहू दे.

मालकीणबाई लगेच पुट्टी-रंग करायचं म्हणतील. होऊ देऊ नकोस. पावसाळ्यात विटेची भिंत सुकायला महिने लागतात, वरून रंग लावला की पोपडे आणि लोणा. चौकोनी फूटभर प्लास्टिक घेऊन चारी कडांना टेप लावून भिंतीला चिकटव. दुसऱ्या दिवशी आतून थेंब दिसले तर भिंत ओली आहे. तोवर खिडक्या समोरासमोर उघड्या ठेव, कपाटं भिंतीपासून वीतभर पुढं ओढ. वायरिंग आणि भिंती मालकाच्या, सामान तुझं, असा साधा हिशोब असतो, पण तुझ्या अकरा महिन्यांच्या करारात दुरुस्तीचं काय लिहिलंय ते आधी वाच. जे बोलणं होईल ते व्हॉट्सॲपवर लिहून ठेव, तोंडी नको.

पुढच्या गुरुवारी डॉक्टर डोळ्यावरची पट्टी काढतील, शुक्रवारी पहिल्या एसटीनं मी येतो. मेगर, म्हणजे वायरचं इन्सुलेशन मोजायचं यंत्र, माझा मी घेऊन येतो, तो संदीपच्या टेम्पोत आपटेल. सगळ्या वस्तू प्लगमधून काढून ५०० व्होल्टवर प्रत्येक लाइन मोजू. एक मेगाओहमच्या वर आली तर चालू, नाही आली तर वायर ओढून नवी. भिजलेले प्लगपॉइंट सगळे बदलायचे, आरसीसीबी मी विकत आणतोय, मालकीणबाईंना विचारायचं नाही. सात रात्री टॉर्चवर काढ, किंवा राजारामपुरीत मैत्रिणीकडंच राहा, तिच्या आईला मी फोन करतो.

संदीपला परत पाठवायच्या आधी डीपीचा फोटो पाठव. खटका खाली दिसला पाहिजे.

तुझे
आबा